नोकरी आणि जात पडताळणी : वाचकांचे प्रश्न

या वेळी नोकरदार, नुकतीच निवड झालेले उमेदवार आणि आस्थापना शाखेत काम करणारे अशा वाचकांची पत्रे घेतली आहेत. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. खाली 'अधिनियम' म्हटले आहे तो महाराष्ट्राचा जात प्रमाणपत्रे देण्याचा व पडताळणीचा २००० चा अधिनियम. तो १८ ऑक्टोबर २००१ पासून अमलात आहे. अनुसूचित जमातींची पडताळणी आदिवासी विकास विभागाच्या समित्या करतात. अनुसूचित जाती, विमुक्त-भटक्या जमाती, इतर मागासवर्ग आणि विशेष मागास प्रवर्ग यांची पडताळणी जिल्हा जात प्रमाणपत्र पडताळणी समित्यांकडे असते. पुष्कळ पत्रांत या दोहोंची गल्लत दिसली, म्हणून आधीच सांगितले.

प्रश्न : मी चौदा वर्षे जिल्हा परिषदेच्या नोकरीत आहे. दाखला 'कोळी महादेव' जमातीचा आहे. आता समितीची कारणे दाखवा नोटीस आली असून सोबत दक्षता पथकाचा (समितीसाठी घरी व शाळेत जाऊन चौकशी करणाऱ्यांचा) अहवाल आहे. त्यात आजोबांच्या भावाच्या १९४३ च्या शाळेतल्या नोंदीत नुसते 'कोळी' आणि चुलत्यांच्या १९६१ च्या नोंदीत 'हिंदू कोळी' असल्याचे लिहिले आहे. शिवाय माझी कुलदैवत व लग्नविधींची उत्तरे जमातीशी जुळत नाहीत, असाही शेरा आहे. ओळखीचे वकील म्हणतात, उत्तर थोडक्यात द्या, निकाल विरुद्ध गेला तर हायकोर्टात बघू. काय करावे?

उत्तर : हा सल्ला मानू नका. उच्च न्यायालय घटनेच्या अनुच्छेद २२६ खाली (रिट याचिकेत) समितीचा निर्णय तपासते तेव्हा अपिलासारखा सगळा पुरावा नव्याने तोलत नाही. समितीने एखादे कागदपत्र नजरेआड केले का, ऐकून न घेता निर्णय दिला का, कायद्याची कसोटी चुकीची लावली का, एवढेच प्रामुख्याने पाहिले जाते. समितीसमोर ठेवलाच नाही असा कागद तिथे काढला, तर फार तर प्रकरण फेरचौकशीसाठी परत जाईल. त्यात वर्षे जातात. नोटिशीचे उत्तर हीच तुमची खरी लढाई आहे. अधिनियमाच्या कलम ८ प्रमाणे दावा सिद्ध करण्याची जबाबदारी दावेदारावर असते, समितीवर नाही, हेही ध्यानात ठेवा.

पहिले काम मुदतीचे. नोटीस ज्या दिवशी हातात पडली ती तारीख लिहून ठेवा आणि टपालाचा लिफाफा जपून ठेवा. माधुरी पाटील प्रकरणातल्या सर्वोच्च न्यायालयाच्या १९९४ च्या निकालात उत्तरासाठी दोन आठवडे, आणि कोणत्याही परिस्थितीत ३० दिवसांपेक्षा जास्त नाही, अशी चौकट आहे. तुमच्या नोटिशीत दिलेली मुदत पाळा. कागद मिळवायला वेळ लागणार असेल, तर मुदत संपण्याआधी लेखी अर्ज देऊन त्याच्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. तोंडी 'साहेबांना सांगून ठेवले' याला काही अर्थ नाही.

दुसरे, अहवालाची सगळी सहपत्रे मागा : शाळेच्या नोंदवहीच्या छायाप्रती, मुख्याध्यापकांचे पत्र, गृहभेटीत घेतलेले जबाब, तुम्ही सही केलेली प्रश्नावली. नुसता दोन पानी गोषवारा मिळाला असेल तर तसे लेखी नोंदवा. न दाखवलेल्या कागदावर निर्णय आधारला, तर पुढे तो मुद्दा तुमच्या उपयोगी पडतो.

मग प्रत्येक नोंदीला स्वतंत्र उत्तर द्या. एक तक्ता करा. त्यात नोंद कोणाची, तुमचे नाते काय, वर्ष, कोणती नोंदवही, त्यात नेमका शब्द काय, आणि तुमचे म्हणणे काय, असे रकाने असू द्या. इथे पहिला प्रश्न विचारायचा तो हा : अहवालातला माणूस खरोखर आपल्या घरातला आहे का? एकाच गावात त्याच नावाचे आणि आडनावाचे दोन-तीन जण असणे नेहमीचेच आहे, आणि पथकाने उचललेली नोंद भलत्याचीच निघते. बापाचे नाव, जन्मतारीख आणि गावाची वाडी जुळते का, पाहा. जुळत नसेल तर वंशावळीसह तसे सांगा. पण खऱ्या चुलत्याला 'आमचा नव्हेच' म्हणण्याच्या फंदात पडू नका. जुन्या शपथपत्रात, वारस फेरफारात (वारसांची नावे जमिनीच्या नोंदीत लागल्याच्या कागदात) किंवा दुसऱ्या नातेवाइकाच्या प्रकरणात तो सापडतो, आणि मग तुमच्या खऱ्या कागदांवरचाही विश्वास जातो.

१९४३ ची नोंद वजनदार आहे, कारण ती ६ सप्टेंबर १९५० च्या म्हणजे अनुसूचित जमातींच्या मानीव दिनांकाच्या (ज्या तारखेची जात व राहण्याचे ठिकाण पाहिले जाते तिच्या) आधीची आहे. जात सांगून काही लाभ मिळण्याचा प्रश्न नसताना केलेली नोंद न्यायालये अधिक विश्वासार्ह मानतात. त्यात नुसते 'कोळी' असेल, तर ती विरुद्ध नोंद नाही, मोघम नोंद आहे, असे तुम्ही मांडू शकता. 'पानभरे कोळी' किंवा 'सूर्यवंशी कोळी' असे लिहिले असते तर गोष्ट वेगळी होती, कारण ते विशेष मागास प्रवर्गातले गट आहेत. मात्र मोघम नोंद तुमच्या विरुद्ध नसली, तरी ती तुमच्या बाजूचीही नाही. केवळ 'कोळी म्हणजेच कोळी महादेव' असा युक्तिवाद टिकत नाही. 'कोळी महादेव', 'महादेव कोळी' किंवा 'म. कोळी' असा स्पष्ट उल्लेख असलेली, शक्यतो १९५० पूर्वीची, वडिलांकडच्या शाखेतली एक तरी नोंद शोधायलाच हवी. आजोबांची बहीण, आजोबांचे चुलत भाऊ यांच्याही नोंदी चालतात. फक्त नाते कागदाने जोडता आले पाहिजे.

नोंदवहीत खाडाखोड आहे, शाई वेगळी आहे, जातीच्या रकान्यात शब्द मागाहून घातला आहे, असे शेरे अहवालात असतील तर मूळ नोंदवही समितीसमोर मागवण्याची लेखी विनंती करा. कलम ९ प्रमाणे समितीला दस्तऐवज मागवणे, साक्षीदारांना बोलावणे, शपथपत्रावर पुरावा घेणे असे दिवाणी न्यायालयाचे अधिकार आहेत. त्याच पानावरच्या पुढच्या-मागच्या नोंदींचे अक्षर आणि शाई मूळ प्रतीत दिसते. छायाप्रतीत ते दिसत नाही. मात्र तुमच्याच बाजूच्या कागदात कोणी 'सुधारणा' केलेली असेल, तर तो कागद पुढे करू नका. एक रंगवलेला दाखला चार खऱ्या दाखल्यांना बुडवतो, शिवाय फौजदारी प्रकरण वेगळे उभे राहते.

राहिली आप्तभाव चाचणी, म्हणजे चालीरीती जमातीशी जुळतात का ते पाहणे, जिला सगळे ॲफिनिटी टेस्ट म्हणतात. २०११ च्या आनंद प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, स्थलांतर, शिक्षण आणि इतर समाजांशी संपर्क यांमुळे जुन्या चालीरीती आज जशाच्या तशा सापडतील असे नाही. २४ मार्च २०२३ ला महाराष्ट्र आदिवासी ठाकूर जमात स्वरक्षण समितीच्या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ही चाचणी म्हणजे अंतिम कसोटी नव्हे, हे आणखी स्पष्ट केले. याचा अर्थ ती निरर्थक ठरली असा नाही. कागद भक्कम असतील तर केवळ चाचणीवरून दावा फेटाळता येत नाही, आणि कागदच नसतील तर चाचणी एकटी तारत नाही. उत्तरात कुलदैवत, लग्नातले विधी, मर्तिकाच्या चाली यांविषयी घरातल्या वडीलधाऱ्यांना जे खरोखर माहीत आहे तेच लिहा. कोणत्या पिढीत गाव सोडले तेही सांगा. छापील टिपणातली उत्तरे घोकून लिहिली की ती शब्दशः दुसऱ्याही प्रकरणात दिसतात, आणि समितीतल्या संशोधन अधिकाऱ्याला ते एका वाचनात कळते. गाव पूर्वीच्या क्षेत्रबंधनाबाहेरचे (ठराविक भागातच जमात मान्य करणाऱ्या जुन्या अटीबाहेरचे) आहे असा मुद्दा अहवालात असेल, तर क्षेत्रबंधन उठवणारा १९७६ चा केंद्रीय दुरुस्ती कायदा २७ जुलै १९७७ पासून लागू झाला आहे, हे नमूद करा.

प्रश्न : माझ्या सख्ख्या भावाला वैधता प्रमाणपत्र (जातीचा दावा समितीने खरा ठरवल्याचे) मिळालेले आहे. तरी समिती माझी वेगळी चौकशी करू पाहते. हे बरोबर आहे का?

उत्तर : साधारणपणे नाही, पण अपवाद आहेत. मुंबई उच्च न्यायालयाचा २०१० चा अपूर्वा निचळे निकाल सांगतो की, एकाच कुटुंबात रक्ताच्या नात्यातल्या एकाला वैध आणि दुसऱ्याला अवैध ठरवणे सहसा योग्य नाही. वर उल्लेखिलेला २०२३ चा निकालही दक्षता चौकशी प्रत्येक प्रकरणात सक्तीची नाही असे म्हणतो. समोरच्या कागदांवरून समितीचे समाधान झाले नाही, तरच ती करायची.

तरीही समिती दोन गोष्टी तपासू शकते. पहिली, भाऊ खरोखर तुमचा भाऊ आहे का. दुसरी, त्याचे प्रमाणपत्र रीतसर चौकशी होऊन मिळाले का. त्याच्या वेळी दक्षता चौकशी झाली असेल आणि निर्णय सकारण असेल, तर तुमचे काम सोपे आहे. चौकशी न होता प्रमाणपत्र मिळाले असेल, तर समिती तुमच्या प्रकरणात पथक पाठवू शकते. म्हणून नुसती वैधता प्रमाणपत्राची झेरॉक्स जोडून थांबू नका. भावाच्या प्रकरणाचा क्रमांक, समितीचा निर्णय आणि दक्षता अहवालाची प्रत मिळवून जोडा. नाते दाखवायला दोघांचे शाळा सोडल्याचे दाखले पुरत नाहीत, कारण त्यात फक्त वडिलांचे नाव असते, आणि त्या नावाची माणसे गावात दोन असतात. वारस फेरफार, शिधापत्रिका, दोघांच्या शपथपत्रांतली जुळणारी वंशावळ हे सारे एकत्र द्या. नाते वडिलांकडचे लागते. मामाचे किंवा मावशीचे वैधता प्रमाणपत्र इथे कामाचे नाही.

प्रश्न : बावीस वर्षे सेवा झाल्यावर समितीने माझा दावा अवैध ठरवला. फसवणूक केल्याचा ठपका आदेशात नाही. तरी नोकरी जाईल का? दीर्घ सेवेमुळे संरक्षण मिळते असे ऐकले आहे.

उत्तर : ते ऐकलेले बरेचसे २०१७ च्या आधीचे आहे. २८ नोव्हेंबर २००० च्या मिलिंद निकालात सर्वोच्च न्यायालयाने 'हलबा-कोष्टी' हे 'हलबा' जमातीत येत नाहीत असे ठरवले, पण तोवर कायम झालेले प्रवेश व नेमणुका यांना हात लावला नाही. त्या आधारे पुढे कित्येक निकालांत नोकऱ्या वाचल्या. ६ जुलै २०१७ ला भारतीय अन्न महामंडळ विरुद्ध जगदीश बहिरा या निकालाने तो रस्ता बंद केला. कलम १० प्रमाणे दावा अवैध ठरला की आरक्षणाने मिळालेला लाभ काढून घेणे हा कायद्याचाच परिणाम आहे. सेवा किती झाली किंवा हेतू प्रामाणिक होता का, याने त्यात फरक पडत नाही. शासन निर्णय कायद्याच्या वर जाऊ शकत नाही आणि उच्च न्यायालयही २२६ खाली नोकरीला संरक्षण देऊ शकत नाही, असे त्यात म्हटले आहे. हेतूचा प्रश्न येतो तो कलम ११ च्या फौजदारी गुन्ह्यात. तिथे सहा महिने ते दोन वर्षे सक्तमजुरी, किंवा दोन हजार ते वीस हजार रुपये दंड, किंवा दोन्ही, अशी शिक्षा आहे. समितीने किंवा तिने अधिकार दिलेल्या अधिकाऱ्याने लेखी तक्रार केल्याशिवाय न्यायालय त्याची दखल घेत नाही. तुमच्या आदेशात फसवणुकीचा ठपका नाही, हे त्या बाजूने महत्त्वाचे आहे. नोकरीच्या बाजूने ते फारसे उपयोगी नाही.

नोकरी वाचवायची असेल तर समितीचा आदेशच रद्द करून घ्यावा लागेल. कलम ७(२) प्रमाणे तो अंतिम असतो, त्याविरुद्ध विभागाकडे किंवा आयुक्तांकडे अपील नाही आणि दिवाणी दावाही चालत नाही. फक्त उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. आदेशाची प्रत कार्यालयालाही जाते आणि सेवासमाप्तीची कारवाई लगेच सुरू होऊ शकते, म्हणून पहिल्या आठवड्यातच वकिलाकडे जा. याचिकेत समितीने कोणते कागद विचारातच घेतले नाहीत ते पान क्रमांकासह दाखवा आणि अंतरिम स्थगिती मागा. नातेवाइकांचे वैधता आदेश, १९५० पूर्वीचे उतारे, दक्षता अहवाल, तुमचे उत्तर आणि सुनावणीचा रोजनामा ही पहिल्या दिवशी लागणारी कागदे आहेत. रोजनाम्याची प्रत लोक मागतच नाहीत. सुनावणीला खरोखर काय झाले ते त्याच कागदातून कळते.

कार्यालयाने कारवाई करताना घटनेच्या अनुच्छेद ३११ प्रमाणे वेगळी विभागीय चौकशी करायला हवी, असा बचाव बरेच जण घेतात. विश्वनाथ पिल्लै विरुद्ध केरळ राज्य या २००४ च्या निकालानंतर त्यात दम राहिलेला नाही.

'अधिसंख्य पद' (मंजूर पदांपेक्षा जादा, तात्पुरते निर्माण केलेले पद) म्हणून जे बोलले जाते ते २१ डिसेंबर २०१९ च्या शासन निर्णयातले. अनुसूचित जमातीचा दावा अवैध ठरलेल्या राज्य कर्मचाऱ्यांना त्याने अकरा महिन्यांच्या अधिसंख्य पदांवर वर्ग केले, म्हणजे त्यांची मूळ पदे खऱ्या जमातीच्या उमेदवारांसाठी मोकळी झाली. तुमचा आदेश आज झाला असेल, तर तुम्ही आपोआप त्यात बसता असे धरून चालू नका. त्या निर्णयाची व्याप्ती वाचून आधी कार्यालयाला लेखी विचारा. काही गटांना न्यायालयानेच तारखा ठरवून मर्यादित दिलासा दिलेला आहे. उदाहरणार्थ, गोवारी समाजाच्या प्रकरणात १८ डिसेंबर २०२० च्या निकालाने १४ ऑगस्ट २०१८ पासून त्या दिवसापर्यंतचे प्रवेश व नेमणुका राखल्या. असा दिलासा त्या गटापुरता आणि त्या तारखांपुरताच असतो. दुसऱ्या जमातीने त्यावर हक्क सांगता येत नाही.

प्रश्न : मी आस्थापना लिपिक आहे. निवड झालेल्या उमेदवाराकडे जात प्रमाणपत्र आहे, वैधता नाही. प्रस्ताव त्याने करायचा की आम्ही? शिवाय एका कर्मचाऱ्याचे वैधता प्रमाणपत्र बनावट असल्याचा संशय आहे.

उत्तर : कलम ६(२) प्रमाणे उमेदवाराने वेळेत अर्ज करायचा आहे, आणि कलम ६(३) प्रमाणे निवड झालेल्याकडे वैधता नसेल तर नियुक्ती प्राधिकाऱ्याने समितीकडे अर्ज करायचा आहे. म्हणजे 'आमचे काम नाही' असे कार्यालयाला म्हणता येत नाही. नियुक्तिपत्रात वैधतेच्या अटीवर तात्पुरती नियुक्ती आणि बहुधा सहा महिन्यांची मुदत असते. प्रत्यक्षात घोळ होतो तो इथे : प्रस्ताव पाठवल्याची जावक नोंद असते, समितीची पोच नसते. त्रुटीपत्र जुन्या पत्त्यावर जाते. वर्षे जातात, आणि दाव्याचा निकाल लागतो तेव्हा माणूस दोन पदोन्नत्या घेऊन बसलेला असतो. प्रस्ताव क्रमांक सेवापुस्तकात नोंदवा, दर तीन महिन्यांनी समितीला स्मरणपत्र द्या आणि त्रुटीपत्राची प्रत कर्मचाऱ्याला सही घेऊन द्या.

प्रस्तावात हमखास राहून जाणाऱ्या गोष्टी सांगतो. वंशावळीचे शपथपत्र (नमुना ३) आणि अर्जासोबतचे शपथपत्र (नमुना १७) यांत नावे वेगळी पडतात. जात प्रमाणपत्र एका जिल्ह्याचे आणि अर्ज दुसऱ्या जिल्ह्याच्या समितीकडे जातो. प्रमाणपत्र ज्या जिल्ह्यातून निघाले तिथल्या समितीकडेच प्रकरण जायला हवे, आणि प्रमाणपत्रही मानीव दिनांकाला पूर्वज जिथे राहत होते तिथल्या सक्षम प्राधिकाऱ्याचे हवे. ते तसे नसेल तर आधी योग्य ठिकाणचे प्रमाणपत्र काढून घ्यायला सांगा.

संशयित वैधता प्रमाणपत्राबाबत स्वतः निष्कर्ष काढू नका. प्रकरण क्रमांक, आदेशाची तारीख, लाभार्थ्याचे नाव, जात आणि सही करणाऱ्या सदस्यांची नावे लिहून ते देणाऱ्या समितीकडे गोपनीय पत्र पाठवा आणि मूळ नोंदवहीशी पडताळणी मागा. कागद समितीने दिलेलाच नाही असे उत्तर आले, तर पुढची कारवाई सरळ आहे. पण समितीने खरोखर दिलेली वैधता तुमच्या कार्यालयाला चुकीची वाटते, एवढ्यावर ती नाकारता येत नाही. एखाद्याची जात कोणती हे ठरवण्याचा अधिकार कार्यालयप्रमुखाला नाही. एकदा रीतसर पडताळणी होऊन दिलेली वैधता, ती फसवणुकीने किंवा योग्य चौकशीविना मिळवलेली असल्याशिवाय पुन्हा उघडता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ च्या जे. चित्रा प्रकरणात म्हटले आहे.

प्रश्न : आमच्या कार्यालयातल्या एकाने खोटा दाखला लावला आहे असे सगळेच म्हणतात. तक्रार कोठे करावी?

उत्तर : समितीकडे. कलम ७(१) प्रमाणे ती स्वतःहून किंवा कोणाच्या तक्रारीवरून चौकशी करू शकते. 'सगळे म्हणतात' हा पुरावा नव्हे. कागद हवेत : त्या व्यक्तीच्या वडिलांच्या किंवा भावंडांच्या शाळेच्या नोंदवहीतली वेगळी जात, नातेवाइकाने दुसऱ्या प्रवर्गातून घेतलेला लाभ, किंवा वंशावळीतली विसंगती. तक्रार सही करून द्या. ज्याचा हक्क डावलला गेला असा उमेदवार तक्रारदार असेल, तर निवड यादी आणि स्वतःचा क्रमांकही जोडावा. हाती कागद नसताना निव्वळ कोणाच्या नाकाडोळ्यांवरून किंवा आडनावावरून तक्रार करणे हा छळ आहे, आणि असली पत्रे आमच्याकडे येतात त्यांना आम्ही उत्तर देत नाही. एकच आडनाव अनेक जातींत असते.

प्रश्न : आजोबांची नोंद सापडत नाही. शाळा जुनी आहे पण नोंदवही वाळवीने खाल्ली, असे मुख्याध्यापक सांगतात. आता काय?

उत्तर : आधी तारीख पक्की करा. अनुसूचित जातींसाठी १० ऑगस्ट १९५०, अनुसूचित जमातींसाठी ६ सप्टेंबर १९५०, विमुक्त-भटक्या जमातींसाठी २१ नोव्हेंबर १९६१ आणि इतर मागासवर्गासाठी १३ ऑक्टोबर १९६७ हे मानीव दिनांक. त्याआधीचा कागद शोधायचा आहे. इतर मागासवर्गातला माणूस १९५० पूर्वीच्याच कागदामागे धावताना दिसतो, तेव्हा त्याचे १९६६ चे शाळेचे दाखले घरातच पडून असतात.

नोंदवही नष्ट झाली असेल, तर शाळेकडून तसे लेखी पत्र घ्या. 'नोंद आढळून येत नाही' आणि 'नोंदवही उपलब्ध नाही' यांत फार फरक आहे. पहिल्याचा अर्थ नोंद नव्हतीच असा लावला जातो. मग तहसील कार्यालयाच्या अभिलेख कक्षात गाव नमुना १४ म्हणजे जन्म-मृत्यूची नोंदवही पाहा. विदर्भात तीच कोतवाल बुक किंवा कोतवाल पंजी म्हणून मिळते. या नोंदवहीत जातीचा रकाना असतो, पण मुलाचे नाव बहुधा नसते. फक्त बापाचे नाव आणि 'मुलगा' किंवा 'मुलगी' एवढेच असते. म्हणून सापडलेली नोंद आपल्या आजोबांचीच आहे हे दाखवायला जन्मतारीख शाळेच्या किंवा सेवापुस्तकातल्या तारखेशी जुळवावी लागते. बापाच्या इतर मुलांच्या नोंदीही काढा. चार भावंडांच्या नोंदी एका ओळीत जुळल्या की शंका राहत नाही. मृत्यूच्या नोंदी विसरू नका. पणजोबांची जात बहुधा तिथेच सापडते.

मराठवाड्यात निजाम काळातले कागद उर्दू आणि मोडीत आहेत, आणि १९५४ च्या सुमाराची खासरा पत्रकेही उपयोगी पडतात. मोडी कागदाचे लिप्यंतर ओळखीच्या गुरुजींकडून करून घेऊ नका. पुराभिलेख विभागाची मोडी परीक्षा उत्तीर्ण असलेल्या जाणकाराकडून करून घ्या आणि मूळ कागदाची प्रमाणित प्रत सोबत ठेवा. मोडीतल्या संक्षेपाक्षरांवरच निम्मे वाद होतात, म्हणून 'कु.' सारख्या अक्षराचा अर्थ त्याच नोंदवहीत इतरत्र तो शब्द पूर्ण लिहिलेला दाखवून सिद्ध करावा. सातबारावर जात नसते, तरी तो आणि त्याचे फेरफार वंशावळ जोडायला लागतात. आजोबा वारल्यावरचा वारस फेरफार हा बहुतेक प्रकरणांत सर्वांत कमी वापरला जाणारा आणि सर्वांत उपयोगी कागद असतो.

प्रश्न : लग्नानंतर नाव बदलले. वैधतेसाठी सासरचे कागद चालतील का?

उत्तर : नाही. जात जन्माने मिळते, लग्नाने बदलत नाही. प्रमाणपत्र माहेरच्या नावाने आणि वडिलांकडच्या पुराव्यावर काढा. नावाचा दुवा म्हणून विवाह नोंदणी दाखला किंवा राजपत्रातली नावबदलाची प्रत जोडा.

प्रश्न : वडील १९७२ मध्ये कर्नाटकातून इथे आले. आमची जात दोन्ही राज्यांच्या अनुसूचित जातींच्या यादीत आहे. मला महाराष्ट्र शासनाच्या नोकरीत आरक्षण मिळेल का?

उत्तर : नाही. १९९० च्या मर्री चंद्रशेखर राव निकालापासून नियम असा की, अनुसूचित जाती-जमातीचा दर्जा मूळ राज्यापुरता असतो. तुमचे कुटुंब १० ऑगस्ट १९५० ला महाराष्ट्रात राहत नव्हते, म्हणून इथले वैधता प्रमाणपत्र मिळणार नाही. केंद्राच्या अखिल भारतीय भरतीसाठी मात्र वडिलांच्या मूळ राज्याच्या प्रमाणपत्रावर प्रमाणपत्र काढता येते.

प्रश्न : मी राष्ट्रीयीकृत बँकेत आहे. राज्याचा हा कायदा आम्हाला लागू नाही, असे संघटनेचे पदाधिकारी सांगतात.

उत्तर : कलम ६(३) मध्ये केंद्र सरकार आणि सार्वजनिक उपक्रमांचे नियुक्ती प्राधिकारी स्पष्टपणे आहेत, आणि वर सांगितलेला बहिरा निकाल तर अन्न महामंडळाच्याच प्रकरणातला आहे. हलबा-कोष्टी किंवा कोष्टी असाल आणि नेमणूक २८ नोव्हेंबर २००० पूर्वी कायम झाली असेल, तर केंद्राचे १० ऑगस्ट २०१० चे कार्यालयीन ज्ञापन काढून वाचा. त्यात अशा नेमणुका राखल्या आहेत, पण त्या तारखेनंतर आरक्षणाचा पुढचा लाभ दिलेला नाही. म्हणजे नोकरी राहिली, तरी नंतरची राखीव पदोन्नती धोक्यात येते.

प्रश्न : माझ्याकडे इतर मागासवर्गाची वैधता आहे, तरी नॉन-क्रीमीलेअर दाखला पुन्हा मागतात.

उत्तर : दोन्ही वेगळे. वैधता जातीची असते आणि ती एकदाच लागते. नॉन-क्रीमीलेअर दाखला उन्नत गटात नसल्याचा असतो, त्याला मुदत असते. महाराष्ट्रात तो विमुक्त-भटक्या जमाती व विशेष मागास प्रवर्गालाही लागतो. जाहिरातीत ज्या तारखेला तो वैध असावा असे म्हटले आहे ती तारीख पाहूनच काढा. वैधता असूनही फक्त या तारखेवरून उमेदवार बाद होतात.